जुना विनोद वाचून दाखवण्याआधी

तारवाला दारात उभा राहतो. घरात इंग्रजी कुणालाच येत नाही. तार आली एवढ्यावरच आजी भुईवर बसते, सून डोळ्याला पदर लावते, शेजारच्या काकू धावत येऊन "परवा परवापर्यंत किती छान बोलत होते हो!" म्हणून सुरू करतात. कोण गेलं, हे कुणालाच ठाऊक नाही. अर्ध्या तासाने शाळेतून मास्तर येतात, पाकीट उघडतात आणि वाचतात: बाळू मॅट्रिक पास.

हा किस्सा मी शेकडो वेळा ऐकला आणि सांगितला आहे. माझी नोकरीची सुरुवातच तारघरात झाली, 1982 साली. पुढे वाचनाची आवड म्हणून ग्रंथालयांत, गणेशोत्सवात, शाळा-कॉलेजांत जुन्या विनोदी लेखांचं अभिवाचन करायला लागले. हा किस्सा हुकमी होता. 2014च्या हिवाळ्यात एका कॉलेजात तो सांगितला आणि समोरची दीडशे मुलं शांत बसून राहिली. कार्यक्रम संपल्यावर एक मुलगी जवळ आली. तिने अगदी मनापासून विचारलं, "पण मॅडम, ते का रडले?"

देशातली तारसेवा 15 जुलै 2013 पासून बंद झाली होती. म्हणजे वर्षभरापूर्वीपर्यंत तार होती. तरी त्या मुलीने तार पाहिलेली नव्हती, आणि तारेची भीती तर तिच्या आईच्या वेळीच संपत आली होती. तिचा प्रश्न मी घरी येऊन वहीत लिहिला. तेव्हापासून कुठलाही जुना विनोद लोकांसमोर नेण्याआधी मी तो कसा तपासते, ते इथे सांगते. ज्यांना घरात, वर्गात, मंडळात जुनं काही वाचून दाखवायचं असतं त्यांच्या हे उपयोगी पडेल.

आधी भीती शोधा

लोक म्हणतात, जुन्या विनोदातल्या वस्तू आता राहिल्या नाहीत म्हणून तो कळत नाही. हे अर्धंच खरं आहे. वस्तू गेली म्हणून विनोद मरत नाही. त्या वस्तूभोवती माणसांच्या मनात जो ताण होता, तो गेला की मरतो. म्हणून लेख हातात घेतला की मी पहिला प्रश्न हाच विचारते: या प्रसंगातली माणसं कशाला घाबरली आहेत? कशाची लाज वाटते आहे त्यांना? उत्तर पेन्सिलीने समासात लिहायचं, एका शब्दात. तारेच्या किश्श्यापुढे मी लिहिलं आहे, "मृत्यू".

आता तारेचाच दुसरा किस्सा बघा. आमच्याकडे शुभेच्छांच्या तारांसाठी ठराविक वाक्यं छापलेली असत आणि प्रत्येक वाक्याला क्रमांक असे. गिऱ्हाइकाने आकडा सांगायचा, तारेतून नुसता आकडा जायचा, पलीकडच्या तारघरात त्या आकड्याचं वाक्य लिहून द्यायचे. लग्नाच्या मांडवात आलेल्या तारा तेव्हा माइकवरून वाचून दाखवत. खात्यात सगळीकडे सांगितला जाणारा किस्सा असा, की कुठल्याशा लग्नात आकडा चुकला. नवरीचे मामा मोठ्या हौसेने माइकसमोर गेले आणि व्याही-विहिणींच्या देखत त्यांनी वाचलं: "नव्या बाळाच्या आगमनाबद्दल हार्दिक अभिनंदन!"

यात वस्तू पहिल्या किश्श्यापेक्षाही जास्त विस्मृतीत गेलेली आहे. क्रमांकाची शुभेच्छा तार आज पन्नाशीतल्या माणसालाही सांगावी लागते. तरी हा किस्सा मी सातवीतल्या मुलांपासून वृद्धाश्रमापर्यंत सगळीकडे सांगते आणि हसू येतंच. कारण समासातला शब्द "लाज" आहे, आणि मांडवात विहीणबाईंसमोर वाटणारी लाज अजून तशीच आहे. आकड्याची पद्धत दोन वाक्यांत सांगितली की पुरे.

टीप द्यायची नाही, पेरायचं

त्या कॉलेजातली माझी चूक मला नंतर कळली. हशा आला नाही म्हणून मी घाईने खुलासा केला होता, की पूर्वी तार बहुधा कुणी गेल्याचीच यायची, म्हणून लोक घाबरत. मुलांनी माना डोलावल्या. त्यांना समजलं, पण हसू आलं नाही. विनोदात समजणं आणि हसणं एकाच क्षणी व्हावं लागतं. समजायला मागाहून जागा दिली की हसण्याची वेळ टळून गेलेली असते.

आता मी तोच किस्सा असा सुरू करते:

"आमच्या गल्लीत तारवाला महिन्या-दोन महिन्यांतून एकदा यायचा. त्याची सायकल कोपऱ्यावर वळली की ओट्यावर तांदूळ निवडत बसलेल्या बायका सुपं उचलून आत जायच्या. सायकल पुढे गेली की दार किलकिलं करून बघायच्या, कुणाकडे थांबली."

यात मृत्यूचं नाव नाही, "पूर्वी असं असायचं" नाही. पण ती उचललेली सुपं ऐकली की अठरा वर्षांच्या मुलालाही अंगावर काहीतरी येतं. मग लगेच किस्सा सांगायचा नाही. मध्ये दुसरं काही बोलायचं, ओट्याचं, गल्लीतल्या नळाचं, एखाद-दोन मिनिटं. आणि मग तार. आजी भुईवर बसते तिथेच पहिली खसखस ऐकू येते.

पेरणीचे माझे नियम थोडेच आहेत. दृश्य हवं, व्याख्या नको. तीन वाक्यांच्या वर जायचं नाही. पेरलेलं आणि विनोद यांच्यात अंतर हवं, नाहीतर श्रोत्याला पुढचं दिसतं. आणि पेरताना आवाज बदलायचा नाही. आपण काहीतरी महत्त्वाचं सांगतोय असं जाणवलं की लोक कान टवकारतात, आणि टवकारलेल्या कानांना विनोद लवकर सापडतो.

पेरण्याआधी एक बघून घ्या: ती जुनी वस्तू आपल्या म्हणींत अजून जिवंत आहे का? आणे हे याचं चांगलं उदाहरण. 1 एप्रिल 1957 ला दशमान नाणी आली, रुपयाचे सोळा आणे जाऊन शंभर नवे पैसे झाले. चार आणे म्हणून वापरात राहिलेलं 25 पैशांचं नाणंही 30 जून 2011 नंतर चलनातून गेलं. तरी "चार आण्याची कोंबडी, बारा आण्याचा मसाला" हे आज दहावीतला मुलगाही म्हणतो. कंजूष काकांच्या गोष्टीतल्या चार आण्यांची तिथे मी पेरणी करत नाही. आणि "चार आणे"च्या जागी "पन्नास रुपये" असं तर कधीच करत नाही. आकडा बदलला की काकांचा काळ बदलतो, त्यांचं धोतर आणि पिशवी दोन्ही खोटी वाटायला लागतात.

बदलायचं कुठे, आणि कुठे हात लावायचा नाही

तोंडोतोंडी आलेल्या किश्श्याला मालक नसतो. तो बदलायला मी कचरत नाही. तारेच्या किश्श्याचं मी एक नवं रूपही केलं आहे. रात्री अडीचला फोन वाजतो. घरातले सगळे उठून बसतात, फोन उचलायला कुणी धजत नाही. आजोबा देवापुढे दिवा लावायला धावतात. शेवटी आई थरथरत फोन घेते. पलीकडून न्यू जर्सीचा मुलगा: "आई, वरणाला फोडणी आधी की नंतर?" ज्यांची मुलं परदेशी आहेत अशा घरांत हे वाक्य पुरं होऊ देत नाहीत. रात्रीच्या फोनची भीती म्हणजे तारेचीच भीती, फक्त घर बदललं.

पण लिहिलेल्या लेखाला, ज्याला लेखक आहे त्याला, शब्द बदलून हात लावायचा नाही. कोल्हटकर, गडकरी, चिं. वि. जोशी यांच्या वाक्यात आपला शब्द घालणं मला चालत नाही. काही गाळलं तर सुरुवातीलाच "संक्षिप्त" म्हणून सांगते. लागेल तेवढं आपल्या प्रास्ताविकात पेरायचं. चिं. विं.चा चिमणराव तर फारसं पेरूही देत नाही. मनात बेत मोठे आणि खिसा लहान, अशा मध्यमवर्गी माणसाची ओढाताण अजून प्रत्येक घरात आहे.

श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांचं मात्र अवघड जातं, आणि मला त्याचं मनापासून वाईट वाटतं. मराठी विनोदी लेखाची वाट त्यांनी पाडली. 'सुदाम्याचे पोहे' या त्यांच्या विनोदी लेखसंग्रहात सुदामा, बंडूनाना आणि पांडूतात्या ही पात्रं मिळून धार्मिक रूढींची आणि कर्मकांडाची जी खोड काढतात, ती विसाव्या शतकाच्या सुरुवातीला छापायला धाडस लागत होतं. वाचणाऱ्याच्या हसण्यातही "अरे बाप रे, हे छापलंय!" असा धसका मिसळलेला असणार. तो धसका आज पेरून येत नाही. शिवाय वाक्यं लांब, कोट्या संस्कृतावर बेतलेल्या. मी त्यांचा एका वेळी एकच परिच्छेद घेते, आदल्या दिवशी सहा-सात वेळा मोठ्याने वाचते, आणि वाक्यातल्या शेवटच्या क्रियापदाआधी थांबायच्या जागेवर उभी रेघ मारते. लांब वाक्यातली गंमत बहुतेक वेळा त्या रेघेच्या पलीकडे असते. धावत वाचलं की ती हातून निसटते.

ताण गेला असेल तर सोडून द्या

एका जुन्या एकांकिकेत दारूबंदीवरचं एक पान होतं. पाव्हणे चहाच्या किटलीतून काहीतरी पितात, दारावर टकटक होते, सगळे एकदम भजन म्हणायला लागतात. मुंबई राज्याचा दारूबंदीचा कायदा 1949चा. त्या काळात प्यायची तर परवाना लागे, तोही तब्येतीच्या कारणाने मागावा लागे, आणि चांगल्या घरातली माणसं पोलिसाच्या टकटकीला खरोखर दचकत. "परमिट रूम" हे शब्द पाट्यांवर राहिले, पण त्यातलं परमिट कसलं हे माझ्या भाच्याला विचारलं तर तो म्हणाला, रिक्षाचं असेल. मी ते पान तीन वेळा तीन पद्धतींनी वाचून पाहिलं. पोलिसाची चाहूल पेरली, किटली पेरली, भजनाचा सूर लावून पाहिला. भजनाला थोडं हसू आलं, तेही सुरामुळे. मग ते पान मी बाजूला ठेवलं. पानाचा त्यात काही दोष नाही. कुणाला तो काळ अभ्यासायचा असेल तर ते पान सोन्यासारखं आहे. फक्त मांडवात वाचायचं ते आता राहिलं नाही.

हसू कुठे आलं, ते लिहून ठेवा

यासाठी मला सगळ्यात जास्त मदत भरतमुनींची झाली. नाट्यशास्त्रात हास्याचे सहा प्रकार सांगितले आहेत: स्मित, हसित, विहसित, उपहसित, अपहसित, अतिहसित. स्मितात दात दिसत नाहीत, हसितात जरासे दिसतात, विहसिताला आवाज असतो, उपहसितात खांदे आणि डोकं झुकतं, अतिहसितात माणूस कुशी धरतो. मी वाचत असताना मैत्रीण मागच्या रांगेत माझ्या लेखाची प्रत घेऊन बसते आणि समासात "स्मि", "वि", "अति" असं लिहीत जाते. तीन-चार कार्यक्रमांच्या प्रती शेजारी ठेवल्या की लेख कुठे जिवंत आहे आणि कुठे नाही ते डोळ्यांना दिसतं.

या सहांतलं पाचवं, अपहसित, फार कामाचं. भरतमुनी त्याला अस्थानी आलेलं हसू म्हणतात, म्हणजे जागा नसताना आलेलं. आमच्या समासात "अप" आलं की मी ती ओळ दहा वेळा वाचते.

एका जुन्या दिवाळी अंकातला मुलगी दाखवण्याच्या कार्यक्रमावरचा लेख मी घेतला होता. मुलीला चालून दाखवायला सांगतात, सुईत दोरा ओवायला लावतात, मुलाचे काका तिच्या रंगावर एक टोमणा मारतात. लेखकाने हशा त्या टोमण्यावर मागितला आहे. कॉलेजच्या मुली तिथे दगडासारख्या बसल्या. हसल्या त्या वेगळ्याच जागी: नवरा मुलगा खाली मान घालून पोह्यांची तिसरी बशी संपवत असतो, तिथे. लेखकाने ती बशी नुसती तपशील म्हणून घातली होती. माझ्या मैत्रिणीने तिथे मोठ्या अक्षरांत "अप" लिहिलं.

त्या बशीने मला शिकवलं, की विनोद कधी कधी मरत नाही, माणूस बदलून घेतो. आधी मुलीवर होता, आता मुलावर गेला. रंगावरचा टोमणा मी गाळते. समोर बसलेल्यांत तो टोमणा खरोखर ऐकलेली एखादी मुलगी असतेच, आणि तिला पुन्हा तो ऐकवायला मी माइक हातात घेतलेला नाही. पोह्यांची बशी मात्र सावकाश वाचते, पहिली, दुसरी, तिसरी.

जावई नावाचा ग्रह

प्रत्येक विनोद प्रत्येक ठिकाणी चालायलाच हवा असं नाही. हे मला एका जुन्या श्लोकाने दाखवलं:

सदा वक्रः सदा क्रूरः सदा पूजामपेक्षते ।
कन्याराशिस्थितो नित्यं जामाता दशमो ग्रहः ॥

नेहमी वाकडा, नेहमी क्रूर, सतत पूजेची अपेक्षा करणारा आणि कायम कन्या राशीला बसलेला जावई हा दहावा ग्रह. दोन ओळींत किती टेकू आहेत बघा. ग्रह नऊ, हे ठाऊक हवं. ग्रह कधीमधी वक्री होतो, हा कायमचा वक्र. पापग्रहाची शांत करावी लागते, याचीही करावी लागते. कन्या ही रास आणि कन्या ही लेक. आणि या सगळ्याखाली मुलीच्या आईवडिलांना वाटणारा धाक: जावई रुसला तर लेकीचं काय?

2023 साली अधिक श्रावण होता. अधिक मासात जावयाला वाण द्यायचं, तेहतीस अनारसे, दिवा, कपडे. त्या महिन्यात एका महिला मंडळात हा श्लोक म्हटला. "जामाता" या शब्दालाच हॉल फुटला, "दशमो ग्रहः" कुणी ऐकलंही नाही. सगळ्या जणी त्या आठवड्यात अनारशाचं पीठ भिजवून आल्या होत्या. दोन महिन्यांनी हाच श्लोक पंचविशीतल्या मुलामुलींपुढे म्हटला. राशी त्यांना नीट माहीत होत्या, वक्री हा शब्दही. तरी स्मिताच्या पुढे गाडी गेली नाही. एक मुलगा म्हणाला, "आमचे भावोजी आले की आईबरोबर भांडी घासतात." ही चांगलीच गोष्ट आहे. त्या घरात दहावा ग्रह उरलेला नाही. तिथे मी श्लोक म्हणत नाही. म्हणायचाच असेल तर अधिक मासाची वाट बघते आणि अनारसे केलेल्या घरी म्हणते.

त्याच तरुणांना दुसरा श्लोक मात्र लगेच लागू पडतो: "वैद्यराज नमस्तुभ्यं यमराजसहोदर । यमस्तु हरति प्राणान् वैद्यः प्राणान् धनानि च ॥" यम नुसते प्राण नेतो, वैद्य प्राणही नेतो आणि पैसेही. दवाखान्याचं बिल हातात धरलेल्या माणसाला यात काय पेरायचं? ग्रीक भाषेत 'फिलोगेलोस' नावाचा दीड हजार वर्षांपूर्वीचा विनोदसंग्रह आहे, त्यातल्या न्हाव्याचं तसंच. न्हावी विचारतो, केस कसे कापू? गिऱ्हाईक म्हणतं, "गप्प बसून." गावोगावच्या सलूनमध्ये हे आजही तसंच्या तसं सांगता येतं.

पाठ झालेला विनोद

काही विनोद उलट कारणाने निस्तेज होतात. ते इतके ऐकलेले असतात की धक्का उरत नाही. पु. ल. देशपांड्यांचे कितीतरी उतारे लोकांना तोंडपाठ आहेत. त्यांच्या नावावर भलतेच विनोद मोबाइलवर फिरतात, ते वेगळंच. हातात पुस्तक नसेल तर मी कुठलंही वाक्य त्यांच्या नावावर खपवत नाही. पाठ असलेला उतारा वाचताना धक्का द्यायला जायचं नाही. शेवटच्या दोन शब्दांआधी थांबायचं आणि समोर बघायचं. लोक स्वतः म्हणतात. तेव्हा येणारं हसू ओळखीचं असतं, घरचं माणूस दारात दिसल्यासारखं.

विडंबनाचं गणित याच्या नेमकं उलट. 'झेंडूची फुले'मध्ये अत्र्यांनी केशवकुमार या नावाने रविकिरण मंडळाच्या कवींच्या काव्याची जी थट्टा केली, ती त्या कविता ओठांवर असलेल्या वाचकासाठी होती. आज विडंबन लोकांना आठवतं आणि मूळ कविता आठवत नाही. म्हणून मी आधी मूळ धर्तीची कविता वाचते. थट्टेच्या सुरात वाचायची नाही, तिच्यावर प्रेम आहे अशीच वाचायची. श्रोता तिच्यात थोडा विरघळला की मग विडंबन. मूळ कवितेचीच चेष्टा करत सुरुवात केली, तर विडंबनाला पाडायला काही उरतच नाही.

शिळं न होऊ देण्याची युक्ती तमाशाकडे आहे

तमाशात गण-गवळणीनंतर बतावणी, म्हणजे विनोदी संवादांचा भाग, येते. बतावणीतला सोंगाड्या त्या गावच्या पाटलाचं, नळाचं, यंदाच्या पावसाचं आपल्या बोलण्यात ओवतो. सांगाडा ठरलेला, मधल्या जागा मोकळ्या. वसंत सबनीसांच्या 'विच्छा माझी पुरी करा'मध्ये दादा कोंडके प्रयोगागणिक ताज्या घडामोडींवर बोलत, ते याच वळणावर. एकाच जागी कालचं वाक्य आज नसतं, म्हणून ते शिळं होत नाही.

आपण छापील लेख वाचणारी माणसं, आपल्याला तेवढी मोकळीक नाही. पण दोन उताऱ्यांमधलं निवेदन आपलं असतं. तिथे मी वहीत चौकोन काढून ठेवते आणि कार्यक्रमाच्या गावी तासभर आधी पोचते. चहाच्या टपरीवर बसते, गाव काय बोलतंय ते ऐकते आणि चौकोन भरते. मिरजेजवळच्या एका गावी पोस्टमन रजेवर गेल्यामुळे आठवडाभर टपाल आलं नव्हतं आणि सगळं गाव त्याच्यावर चिडलं होतं. मी निवेदनात एवढंच म्हटलं, "तुमच्याकडे टपाल आलं नाही म्हणून राग येतो, आमच्या गल्लीत आलं की भीती वाटायची." हसले, आणि तारवाल्याची सायकल माझ्याही आधी त्यांच्या गल्लीत शिरली.

नवा उतारा घेतला की मांडवात नेण्याआधी तीन माणसांना वाचून दाखवा. एक विशीच्या आतलं, एक सत्तरीच्या पुढचं, आणि एक आपल्या भागाबाहेरचं, म्हणजे आपण सांगलीचे असलो तर वऱ्हाडातलं किंवा गोव्यातलं. तिघांना एकत्र बसवू नका, एकाचं हसू बघून दुसरा हसतो. आणि वाचून झाल्यावर "आवडलं का?" विचारू नका. "कुठे थांबलात?" असं विचारा. माझा भाचा या तिघांतला पहिला. तारेचा किस्सा पेरणीसकट त्याला पहिल्यांदा सांगितला, तेव्हा तो "बाळू पास"ला हसला आणि लगेच म्हणाला, "मावशी, त्या काकू मग घरी कशा गेल्या असतील?" हल्ली मी ते वाक्यही किश्श्यात घेते.